ओल्ड-टाइम बँजो: बुटांच्या खोक्यातल्या २७ कॅसेट्स – सल्ला हवा आहे

निळी_डोंगररांग

नमस्कार मंडळी,

बरीच वर्षं वाचनमात्र होते, आज पहिल्यांदाच धागा काढतेय. विषय बऱ्याच जणांना परका वाटेल, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

मी नॉर्थ कॅरोलायनात राहते. घर सपाटीवर, पण महिन्यातून दोन शनिवार दोन तास गाडी हाकत सरी काउंटीत जायचे, ब्लू रिज डोंगरांच्या पायथ्याशी. तिथले एक आजोबा मला बँजो शिकवायचे. सात वर्षं शिकवलं, कधी पैसे घेतले नाहीत. दिवाळीचा फराळ मात्र हक्काने मागून घ्यायचे, त्यातही चकली. उभं आयुष्य मोज्यांच्या कारखान्यात काढलेला माणूस. या जानेवारीत ते गेले, ८८ वर्षांचे होते. मार्चमध्ये त्यांच्या मुलीने बोलावून घेतलं आणि बुटांचं एक खोकं हातात दिलं. आत २७ कॅसेट्स. १९७४ ते १९९१ या काळात त्यांनी स्वतः टेप केलेल्या, कुणाच्या स्वयंपाकघरात, कुणाच्या ओसरीवर. सोळांवर पेन्सिलीने तारीख आणि बहुतेकांवर नावं आहेत, अकरांवर काहीच नाही.

आधी वाद्याबद्दल. 'बँजो' म्हटलं की आपल्याला मिरवणुकीतला बटणांचा बँजो आठवतो. हा तो नव्हे. याला लांब दांडा असतो आणि पोटाशी डफासारखं कातडं ताणलेलं असतं. तारा पाच. चार डोक्याकडून येतात आणि पाचवी अर्ध्या वाटेवरून, दांड्याच्या कडेला बसवलेल्या खुंटीवरून. सतारीची चिकारी ज्यांनी पाहिली आहे त्यांना लगेच उमजेल. ती तार सहसा दाबत नाहीत. ठेक्याच्या फटीत अंगठ्याने छेडायची, एकच उंच स्वर सतत तेवत ठेवायचा.

वाजवण्याची जुनी रीत म्हणजे क्लॉहॅमर. हात अर्धवट मिटलेल्या मुठीसारखा धरायचा, बोटाच्या नखाची पाठ तारेवर वरून खाली आपटायची, मग इतर तारांवर एक हलका फटकारा, आणि लगोलग पाचव्या तारेवरून अंगठा सुटतो. बम्-डिटी, बम्-डिटी. आज सिनेमात-रेडिओत ऐकू येतो तो बहुतेक ब्लूग्रास असतो, तीन बोटांत नख्या घालून सुसाट वाजवलेला. १९४५ मध्ये अर्ल स्क्रग्ज बिल मन्रोच्या बँडमध्ये आला तेव्हापासून तो गाजला. ओल्ड-टाइम त्याच्या आधीचं. नाचासाठीचं, ओसरीवरचं, शेजाऱ्यापाजाऱ्यांचं संगीत. यात आळीपाळीने एकेकट्याने चमकायचं नसतं. फिडल (म्हणजे व्हायोलिनच) आणि बँजो गुडघ्याला गुडघा लावून बसतात, सगळे एकच धून एकत्र वाजवतात, दहा वेळा, पंधरा वेळा. थांबायची वेळ झाली की कुणीतरी एक पाय उचलतो.

आमच्या भागातल्या वादनशैलीला राउंड पीक म्हणतात, तिथल्याच एका डोंगराच्या नावावरून. टॉमी जॅरल, फ्रेड कॉकरहॅम, काइल क्रीड ही त्यातली मोठी माणसं. जॅरल (१९०१–८५) राज्याच्या रस्ते खात्यात ग्रेडर चालवायचे. निवृत्तीनंतर त्यांच्या घरी दूरदूरून तरुण मुलं शिकायला यायची, जेवायची, तिथेच झोपायची. १९८२ मध्ये अमेरिकेत लोककलावंतांसाठी राष्ट्रीय वारसा सन्मान सुरू झाला, तो पहिल्याच वर्षी त्यांना मिळाला. माझे गुरुजी तरुणपणी त्या घरात जाऊन बसलेले.

गुरुजींची एक शिस्त होती. धून सुरू करण्याआधी ती कुणाकडून आली ते सांगायचं. "ही मी नदीपलीकडच्या अमक्याकडून घेतली, त्याने त्याच्या मामाकडून." मला वाजवायला लावायचे तेव्हा मलाही हे म्हणायला लावायचे, माझं नाव शेवटी जोडून. विसरले तर वाद्य खाली ठेवायचे आणि थांबायचे.

आता प्रश्न. या कॅसेट्स संगणकावर नीट कशा उतरवायच्या? माझ्याकडे एक जुना प्लेअर आहे, पण लावायची हिंमत होत नाही. दुसरं, उतरवून झाल्यावर हे सगळ्यांना खुलं करावं का? त्यात लोकांच्या गप्पा आहेत, आणि ती माणसं आता नाहीत. आणि तिसरं, मी या भूमीची नाही. हे ओझं माझ्याकडे राहू देणं बरोबर आहे का?

शब्दवेडी

किती सुंदर लिहिलंत ताई. चकलीपाशी डोळे भरून आले. तांत्रिक काही कळत नाही, पण धागा वर राहावा म्हणून प्रतिसाद देतेय.

ध्वनिमुद्रक_पुणे

ताई, कृपया तो जुना प्लेअर लावू नका. मी ३० वर्षं ध्वनिमुद्रणात आहे, त्यातली दहा तरी जुन्या टेपा वाचवण्यात गेली. क्रमाने सांगतो.

सगळ्यात आधी प्रत्येक कॅसेटच्या वरच्या कडेच्या दोन प्लॅस्टिकच्या टिकल्या मोडा, म्हणजे चुकून रेकॉर्डचं बटण दाबलं तरी काही पुसलं जाणार नाही. मग कॅसेटचे, कव्हरचे, आतल्या कागदाचे, दोन्ही बाजूंचे फोटो काढा. पेन्सिलीचं लिखाण टेपेच्या आधी उडतं.

आतला फेल्टचा छोटा तुकडा बघा, जो टेपेला हेडवर दाबून धरतो. चाळीस वर्षांत त्याचा गोंद सुटतो. सुटला असेल तर स्क्रूवाली चांगली रिकामी कॅसेट घ्या आणि टेप त्यात हलवा. बाजारातले स्वस्त यूएसबी प्लेअर नकोत. कुणाकडून तरी चांगला, दुरुस्त केलेला डेक मिळवा. हेड आणि रबरी रोलर आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा. टेप एकदा पूर्ण पुढे, एकदा पूर्ण मागे न वाजवता फिरवून घ्या, गुंडाळी सारखी होते.

आता सगळ्यात महत्त्वाचं, हेडचा कोन. प्रत्येक रेकॉर्डरचं हेड थोडं वेगळं तिरपं असतं. तुमच्या डेकचा कोन त्या टेपेशी जुळला नाही तर आवाज घोंगडीखालून आल्यासारखा येतो आणि लोक म्हणतात, टेप खराब झाली. बारीक स्क्रूने कोन फिरवत राहा, जिथे तारेवरच्या नखाचा टणत्कार सगळ्यात लख्ख येईल तिथे थांबा. हे प्रत्येक कॅसेटला वेगळं करावं लागतं. डेकवरचं डॉल्बी (खरखर कमी करणारं बटण) बंद ठेवा, कव्हरवर लिहिलं असेल तरच चालू करा.

२४ बिट, ९६ किलोहर्ट्झ, वेव्ह फाइल. एक बाजू म्हणजे एक फाइल, मधे कापाकापी नको. खरखर काढायचा मोह आवरा. मूळ प्रत जशी आहे तशी ठेवायची, साफसफाई करायची तर तिच्या नकलेवर. गप्पा, खुर्चीचा आवाज, कुत्रं, सगळं राहू द्या. आणि तीन प्रती, त्यातली एक दुसऱ्या गावात.

गिरगावकर

मिरवणुकीतल्या बँजोचा उल्लेख आला म्हणून. माझे वडील आमच्या वाडीच्या बँजो पार्टीत वाजवायचे. आपला बँजो म्हणजे बुलबुलतरंग, त्याचं मूळ जपानी. १९१२ मध्ये नागोयाच्या गोरो मोरिताने टाइपरायटरसारख्या बटणांचं ताइशोगोतो बनवलं, ते इकडे येऊन आपलं झालं. नाव तेवढं अमेरिकन बँजोचं चिकटलं. तेव्हा ताई, तुमच्या बँजोची आणि आमच्या बँजोची ओळख नावापुरतीच, पण नाव सारखं म्हणून धागा उघडला आणि शेवटपर्यंत वाचला. वडिलांच्या पार्टीच्या दोन कॅसेट्स होत्या. त्यांच्यावर माझ्या बहिणीच्या लग्नात कुणीतरी गाणी भरली. टिकल्या मोडायचं तेव्हा कुणी सांगितलं नाही.

खर्ज

छान माहिती. एक शंका. माझी समजूत अशी की बँजो हे तिथल्या गोऱ्या, डोंगराळ, गरीब शेतकऱ्यांचं वाद्य. पण मागे कुठेतरी वाचलं की ते मूळचं आफ्रिकेचं. नक्की काय? (मी हार्मोनियम आणि पायपेट्या दुरुस्त करतो, वाद्यांच्या पोटात काय असतं याची खोड आहे.)

निळी_डोंगररांग

@ध्वनिमुद्रक_पुणे, कसे आभार मानू. टिकल्या आजच मोडल्या. फोटोही काढले. दोन कॅसेट्सचं फेल्ट खरंच गळून पडलेलं आहे.

@गिरगावकर, तुमचं वाचून फार वाईट वाटलं.

@खर्ज, हे विचारलंत ते बरं झालं, कारण मला हे मूळ पोस्टमध्येच लिहायला हवं होतं. बँजो आफ्रिकेतून आलेल्या माणसांचं वाद्य आहे. गुलाम म्हणून आणलेल्या लोकांनी भोपळ्यावर कातडं ताणून, आखूड सुराची तार ठेवून ते कॅरिबियनमध्ये आणि अमेरिकेत बनवलं. हान्स स्लोन १६८७ च्या सुमारास जमैकात होता, त्याने अशा वाद्यांचं वर्णन केलंय. व्हर्जिनियात थॉमस जेफरसनने १७८० च्या दशकात लिहून ठेवलं की हे वाद्य त्या लोकांनी आफ्रिकेतून सोबत आणलं. पश्चिम आफ्रिकेत गाम्बिया-सेनेगलच्या जोला लोकांचं अकॉन्टिंग आजही वाजतं: भोपळा, कातडं, तीन तारा, त्यातली एक आखूड. आणि बोट नखाने वरून खाली मारतात, अंगठा आखूड तारेवर. मी पहिल्यांदा त्याची चित्रफीत पाहिली तेव्हा आवाज बंद करून नुसता हात बघितला. तो गुरुजींचा हात होता.

मग हे विसरलं कसं गेलं? १८४० च्या दशकात गोरे लोक तोंडाला काजळी फासून रंगमंचावर काळ्या माणसांची नक्कल करायला लागले, बँजो त्या तमाशाचं मुख्य वाद्य झाला. त्या अपमानाची सावली वाद्यावर पडली. पुढे १९२० च्या दशकात रेकॉर्ड कंपन्यांनी यादीच दोन केल्या, एक काळ्यांच्या संगीताची आणि एक डोंगरी गोऱ्यांच्या संगीताची. काळ्या वादकांकडून ब्लूज मागायचे, फिडल-बँजो गोऱ्यांकडून. त्यामुळे काळ्या कुटुंबांमधलं फिडल-बँजो फारच थोडं मुद्रित झालं, आणि जे मुद्रित नाही ते नव्हतंच असं पुढच्यांना वाटलं.

पण ते होतं. आमच्याच राज्यात मेबनजवळ जो थॉम्पसन (१९१८–२०१२) फिडल वाजवायचे, त्यांचे चुलतभाऊ ओडेल बँजो. घराण्यातलं, शेतावरच्या नाचांतलं वादन. २००५ मध्ये बून इथल्या विद्यापीठात काळ्या बँजोवादकांचा मेळावा भरला. तिथे भेटलेले तीन तरुण, रिअॅनन गिडन्स, डॉम फ्लेमन्स, जस्टिन रॉबिन्सन, पुढे जो थॉम्पसनच्या घरी जाऊन बसू लागले, शिकू लागले. त्यांचाच कॅरोलायना चॉकलेट ड्रॉप्स हा बँड, २०११ मध्ये त्यांना ग्रॅमी मिळालं. जो यांचं वय तेव्हा नव्वदीपार. तो मेळावा दहा वर्षं उशिरा भरला असता तर?

गुरुजींच्या कॅसेट्सपैकी एकावर पेन्सिलीने लिहिलंय, "गिरणीतला मित्र, पुलाजवळचा, बँजो". नाव नाही. गुरुजींच्या मुलीचं म्हणणं, तो काळा माणूस होता, वडील त्याच्याकडे जायचे, पण तो यांच्याकडे कधी आला नाही. त्या काळात त्याला येता येत नसावं. माझ्या दृष्टीने खोक्यातली ती सगळ्यात मोलाची कॅसेट आहे.

वाटसरू

थोडा वेगळा सूर लावतो, राग मानू नका. ध्वनिमुद्रणं, घरी जाऊन शिकणं हे सगळं छान, पण संगीत टिकवायचा खात्रीचा मार्ग ते लिहून ठेवणं हाच नाही का? भातखंड्यांनी बंदिशी लिहिल्या म्हणून आज त्या आहेत. २७ कॅसेट्सची स्वरलिपी करा, पुस्तक काढा, प्रश्न मिटला. टेपा शेवटी सडणारच.

निळी_डोंगररांग

राग कसला, मीही सुरुवातीला असंच समजत होते. बँजोसाठी एक लिपी आहेही, पाच रेघा म्हणजे पाच तारा, आकडा म्हणजे कितव्या पडद्यावर दाबायचं. पीट सीगरने १९४८ मध्ये पाच तारांच्या बँजोचं पुस्तक काढलं, पिढ्यान्‌पिढ्या लोक त्यावर शिकले. मीही त्या लिपीवरच धुना पाठ करून गुरुजींकडे गेले होते. वाजवून दाखवलं. ते म्हणाले, "सगळं बरोबर आहे, पण नाच कुठे आहे?"

राउंड पीकचे बरेच वादक बिनपडद्याचा बँजो वाजवतात. गंधार कोमलही नसतो, शुद्धही नसतो, मधे कुठेतरी बोट घसरत जातं. आता तारा लावायची एक पद्धत सांगते, ज्यांना गाणं कळतं त्यांच्यासाठी. तिला इथे सॉमिल म्हणतात. आखूड तार तार-षड्जाला, मग मंद्र पंचम, सा, मध्यम, पंचम. गंधाराची मोकळी तारच नाही! म्हणून तो स्वर प्रत्येकाला स्वतः शोधावा लागतो आणि दर घरात वेगळा सापडतो. तो कागदावर कसा मांडणार? आणि काही धुनांमध्ये एखाद्या ओळीत मात्रा जास्त येते, वाकडी धून म्हणतात तिला. लिहिणारा बहुतेक वेळा ती चूक समजून सरळ करून टाकतो.

एक उदाहरण मात्र तुमच्या बाजूने आणि माझ्याही बाजूने आहे. व्हर्जिनियात ग्लेन लिन या गावात हेन्री रीड (१८८४–१९६८) नावाचे म्हातारे वादक होते. अॅलन जब्बूर नावाचा तरुण अभ्यासक १९६६-६७ मध्ये त्यांच्याकडे जाऊन बसला. १८४ मुद्रणं केली, काही धुना लिहूनही काढल्या. स्वतः त्या आपल्या बँडमध्ये वाजवायला लागला. तिथून त्या मित्रांकडे, मेळाव्यांत, आणि आज जगात कुठेही ओल्ड-टाइम वाजवणारे जमले की रीड यांची एखादी धून निघतेच. पुढे लायब्ररी ऑफ काँग्रेसने तो सगळा संग्रह नेटवर खुला केला, टिपणांसकट. कुणीही फुकट ऐकू शकतो. त्या टिपणांत हेही आहे की रीडना कित्येक धुना क्विन्स डिलियन नावाच्या आणखी जुन्या वादकाकडून मिळाल्या. जब्बूरने मुद्रण केलं, लिहिलं, वाजवलं आणि नावं जपली. चारही केलं. यातलं एक जरी गाळलं असतं तरी त्या धुना आज माझ्यापर्यंत आल्या नसत्या असं मला मनापासून वाटतं.

वाटसरू

पटलं. गंधाराचा मुद्दा विशेष. धन्यवाद.

मोरपिशी

खुलं करण्याबद्दल. मी न्यू जर्सीत ग्रंथालयात काम करते, थोडं माहितीतलं आहे म्हणून लिहितेय, कायदेशीर सल्ला समजू नये. जुन्या पारंपरिक धुनांवर कुणाचा हक्क नाही, पण ध्वनिमुद्रणाचा हक्क वेगळा. अमेरिकेच्या २०१८ च्या कायद्यानुसार १९२३ आधीची सगळी प्रकाशित ध्वनिमुद्रणं १ जानेवारी २०२२ ला मुक्त झाली, आणि १९२३ ते १९४६ मधली प्रकाशनानंतर शंभर वर्षांनी, दर १ जानेवारीला एकेक वर्ष पुढे. म्हणजे डॉक बॉग्ज या जुन्या बँजोवादकाच्या १९२७ मधल्या तबकड्या २०२८ मध्ये मुक्त होतील. तुमच्या कॅसेट्स खासगी आणि नंतरच्या, त्यामुळे त्यांना हे लागू नाही. तिथे वाजवणाऱ्यांच्या घरच्यांची परवानगी हाच रस्ता.

आणि कायद्याच्याही आधी माणुसकीचं. स्वयंपाकघरातल्या गप्पांत कुणाचं दारू पिणं निघालं असेल, कुणाच्या घरातलं भांडण. मूळ प्रत अखंड ठेवा, पण नेटवर जाईल ती प्रत घरच्यांसोबत बसून ऐकल्यावरच. काय गाळायचं ते त्यांनी ठरवायचं. चॅपल हिलच्या विद्यापीठात सदर्न फोकलाइफ कलेक्शन आहे, तुमच्या राज्यातच. मूळ कॅसेट्स अशा ठिकाणी थंड, कोरड्या खोलीत राहाव्यात असं मला वाटतं. बुटांच्या खोक्यात नकोत.

"मी या भूमीची नाही" या प्रश्नावर माझं मत सांगू? आपल्याकडे जात्यावरच्या ओव्या गोळा करण्याच्या कामात हेमा राईरकरांबरोबर गी प्वातवँ हे फ्रान्समधून आलेले गृहस्थ होते. एक लाखाहून जास्त ओव्या, गाणाऱ्या बायांच्या नावा-गावासकट. ती नावं आहेत म्हणूनच तो संग्रह त्या बायांचा राहिला, गोळा करणाऱ्यांचा झाला नाही.

शब्दवेडी

+१ मोरपिशी. शेवटचा परिच्छेद वहीत उतरवून घेतला.

निळी_डोंगररांग

मोरपिशी, तुमचा प्रतिसाद गुरुजींच्या मुलीला इंग्रजीत करून वाचून दाखवला. ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, आपण दोघी मिळून ऐकू, आणि त्या सोळा कॅसेट्सवरच्या प्रत्येक नावाच्या घरी मी फोन करते. गावात सगळे सगळ्यांना ओळखतात. पुलाजवळच्या मित्राचंही घर ती शोधणार आहे. चर्चमधून पत्ता लागेल असं तिला वाटतं.

कॅलिफोर्नियाचा_मामा

इथे बे एरियात माझी अकरा वर्षांची भाची क्लॉहॅमर शिकतेय, म्हणून उत्सुकतेने वाचतोय. तिला शिकवणाऱ्या बाई संगणकाच्या पडद्यावरून शिकवतात. पुरेल का?

निळी_डोंगररांग

सुरुवात होते, नक्की होते. धून संथ करून ऐकता येते, ही मोठी सोय आहे. पण तिला जमेल तेव्हा लोकांत नेऊन बसवा, कोपऱ्यात नुसती बसली तरी चालेल. माझी तीन वर्षं अडलेली लय एका दुपारी सुटली, कारण मी एका फिडलवाल्याच्या पायाशी बसले होते आणि त्याच्या बुटाची टाच लाकडी जमिनीवर आपटताना मला हाडात जाणवत होती.

इकडे डोंगरात शाळा सुटल्यावर मुलांना हे शिकवतात. अॅलेगेनी काउंटीत २००० मध्ये शाळेतल्या एका समुपदेशिकेने ते सुरू केलं, आता शेजारच्या राज्यांतही वर्ग चालतात. वाद्यं उसनी देतात, आणि शिकवतात ते कानावरून. उन्हाळ्यात मेळावे असतात: जूनच्या सुरुवातीला माउंट एअरी, ऑगस्टमध्ये गेलॅक्स (१९३५ पासून चालू), आणि वेस्ट व्हर्जिनियात क्लिफटॉप. क्लिफटॉपला एकदा तिला घेऊन या. लोक आठवडाभर तंबू ठोकून राहतात, रात्री तीनलाही कुठल्यातरी कंदिलाखाली चार जण वाजवत असतात. स्पर्धा मंचावर चालते, पण शिकणं होतं ते तंबूंच्या मधल्या चिखलात.

निळी_डोंगररांग

सहा आठवड्यांनी परत आले. आठ कॅसेट्स उतरवून झाल्या. @ध्वनिमुद्रक_पुणे, हेडचा कोन फिरवताना आवाज एकदम उघडला त्या क्षणी मी ओरडले.

पण नवव्या कॅसेटवर अडलेय. बी बाजूला गुरुजी एकटे आहेत, कव्हर कोरं, तारीख नाही. एक धून आहे जी त्यांनी मला कधीच शिकवली नाही. सॉमिलमधली, फार उदास आणि फार जुनी वाटणारी. बरोबर वाजवून बघायला गेले तर सा कुठेच बसत नाही. जी (इंग्रजी स्वरनाम, इथला आमचा सा) च्या वर आहे, पण पुढच्या स्वरापर्यंत पोचत नाही. ट्यूनर (सूर मोजणारं यंत्र) म्हणतो, जीच्या ३७ सेंट वर; सेंट म्हणजे दोन लगतच्या स्वरांमधल्या अंतराचा शंभरावा भाग. टेप वेगात चालतेय की त्यांनी तारा तशाच लावल्या होत्या? ते एकटे असताना ट्यूनर वापरत नसत.

ध्वनिमुद्रक_पुणे

याला उपाय आहे. रेकॉर्डर भिंतीच्या सॉकेटला लावलेला असेल तर टेपेत विजेची घुमघुम हमखास उतरते. आपल्याकडे ती ५० हर्ट्झची, तुमच्याकडे ६० ची. वीज मंडळ ती वारंवारता फारशी हलू देत नाही. म्हणजे प्रत्येक कॅसेटवर नकळत एक तंबोरा वाजत असतो. दोन धुनांच्या मधली शांत जागा निवडा, वर्णपटात (संगणकावर दिसणाऱ्या आवाजाच्या आलेखात) तळाशी एक बारीक सरळ रेघ दिसेल. ती कितीवर आहे ते सांगा. ६० वर असेल तर टेप बरोबर चालतेय. बॅटरीवर मुद्रण असेल तर मात्र हा मार्ग बंद.

निळी_डोंगररांग

६२. रेघ ६२ वर आहे, अगदी स्पष्ट.

ध्वनिमुद्रक_पुणे

म्हणजे टेप तीन टक्क्यांहून थोडी जास्त वेगात चालतेय. मुद्रण करताना त्यांचा रेकॉर्डर मंद फिरत असणार. मूळ फाइलला हात न लावता नकलेचा वेग ६२ ला ६० या प्रमाणात कमी करा. सूर सुमारे ५७ सेंटनी उतरेल.

निळी_डोंगररांग

उतरवला. आता जीच्या २० सेंट खाली आहे. म्हणजे आधी वर होता, आता खाली. मग त्यांनीच तारा जरा उतरवून लावल्या असणार ना? की माझंच मोजण्यात काही चुकलं?

खर्ज

ताई, थांबा. २० सेंट खाली हा आकडा माझ्या रोजच्या ओळखीचा आहे. आज आपण ए हा स्वर म्हणजे ४४० हर्ट्झ धरतो. पण जुन्या अमेरिकन पायपेट्या कितीतरी वेळा ४३५ ला लावलेल्या सापडतात, एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी तेच माप चालायचं. ४३५ आणि ४४० मधलं अंतर जवळजवळ २० सेंट. आणि पेटीत वाजणाऱ्या पितळी पात्या सहजी हलत नाहीत, शंभर वर्षांनीही तोच सूर देतात. त्यांच्या घरात पायपेटी होती का हो?

निळी_डोंगररांग

खर्ज, हात थरथरताहेत म्हणून चुका झाल्या तर सांभाळून घ्या.

तुमचा प्रतिसाद वाचून लगेच त्यांच्या मुलीला फोन केला. पायपेटी आहे. तिच्या आजीची, दर्शनी खोलीत, वर फोटो मांडलेली, वीस वर्षांत कुणी उघडलेली नाही. मी म्हटलं, फोटो बाजूला करून जरा पाय मार आणि जीची पट्टी दाब. खूप धूळ निघाली म्हणाली, शिंकली. मग भाता भरल्याचा आवाज आला आणि स्वर आला.

मी इकडे टेप लावलेलीच होती. दोन्ही स्वर एकच. थोडाही कंप नाही.

तिला ऐकू जाईल एवढा आवाज वाढवला. धून संपल्यावर गुरुजी टेपेवर बोलतात, ते आधी बारीक, घाईघाईचं वाटायचं, आता त्यांच्या आवाजात आलं. "हे आईचं. ती ऑर्गनवर वाजवायची, तिच्या वडिलांच्या बँजोवरून." मग खुर्ची सरकते आणि टेप बंद होते.

मुलीला ही धून ठाऊकच नव्हती. येत्या शनिवारी मी बँजो घेऊन जातेय. तारा पेटीला जुळवून २० सेंट उतरवून ठेवल्या आहेत. दहावी कॅसेटही सोबत नेणार आहे, तिच्या कव्हरवर मुलीच्या आईचं अक्षर आहे.